टेकल्या की बसल्या

बाजारपेठेतला बसायच्या बंदीचा कायदा अखेर रद्द झाला, आणि तोही एकाही बाकाचा पाय न मोडता.

हे वाक्य वाचलंत? विसरा. बाजार समितीचं अधिकृत म्हणणं असं आहे की असा कायदा कधी नव्हताच, त्यामुळे तो रद्द होण्याचा प्रश्न उद्भवत नाही. समितीशी कोण डोकं लावणार? तेव्हा काहीही रद्द झालेलं नाही, सगळं जिथल्या तिथे आहे, बाकांवरच्या पाट्यांचा रंग अजून ओला आहे आणि पेठेतला हवालदार सुटीच्या दिवशी सासूबाईंकडे जेवायला बसला आहे, असं धरून चालू.

पाट्यांवर लिहिलं होतं, ‘हे बाक फक्त ग्राहकांसाठी. दुकानांतील नोकरवर्गाने बसू नये. बसल्यास दंड, दंड न भरल्यास कैद.’ ठराव एकमताने मंजूर झाला होता, आणि तो अर्थातच बैठकीत झाला होता. समितीवर सगळे दुकानमालक. त्यांचा मुद्दा साधा होता. थकलेली विक्रेती बाकावर पाय चोळत बसलेली दिसली, की गिऱ्हाइकाला स्वतःचे पाय आठवतात आणि ते घरी निघून जातं. दुकानात बसायची सोय आधीपासूनच नव्हती. त्यामुळे सकाळी शटर वर गेल्यापासून ते खाली येईपर्यंत पेठेतल्या झाडून सगळ्या विक्रेत्या बायका उभ्या. अगदीच पाय गळाले तर मागच्या संडासात जायचं, कडी लावायची, झाकण पाडायचं आणि जरा वेळ बसून यायचं. पेठेत याला ‘मीटिंगला जाणं’ म्हणत.

हवालदाराच्या सासूबाई बुटांच्या दुकानात होत्या. दिवसभर दुसऱ्यांना बसवायचं, त्यांचं पाऊल मापाच्या पट्टीवर ठेवायचं, टाचेमागे चमचा सारायचा आणि ‘चालून बघा’ म्हणायचं, हे त्यांचं काम. गिऱ्हाइकाच्या पायाशी उकिडवं बसणं मालकाच्या मते बसण्यात मोडत नव्हतं. ती सेवा होती.

‘जावईबापू,’ वाढता वाढता सासूबाई म्हणाल्या, ‘उद्या दुपारी पेठेत पाळी तुमचीच ना?’

‘हो. का?’

‘मी बसणार आहे. कारंज्यापाशी बाक आहे ना, त्याच्यावर. म्हटलं सांगून ठेवावं.’

हवालदाराला धक्का बसला. त्या प्रकरणात सगळ्यात आधी बसला तो हा धक्काच.

‘अहो आई, कायदा आहे!’

‘म्हणून तर सांगतेय. नसता, तर बाकावर बसायला कोणी जावयाला विचारतं का?’

‘म्हणजे परवानगी मागताय?’

‘छे. कळवतेय. मोडायचा तर सांगून मोडायचा. चोरून बसायचं असतं तर मीटिंग काय वाईट आहे? इतकी वर्षं जातेच आहे. पण चोरून बसलं की नुसते आपले पाय थांबतात हो. कायदा आपला चालतोच.’

‘दंड बसेल.’

‘बघा. दंडालासुद्धा बसायला मिळतं.’

हवालदाराची बायको फिस्सकन हसली. ती आईची मुलगी होती आणि ते कधी लपवत नसे. ‘आई, तू दंड भरणार नाहीयेस ना?’

‘वेडी का काय! दंड भरून बसलं तर तो बाक भाड्याने घेतल्यासारखं होईल. उद्या समिती दरपत्रक लावेल.’

‘मग आत जाल!’ हवालदार जवळजवळ ओरडला.

‘जाईन की. आत बसायला देतात ना?’

हवालदाराने शेवटचा उपाय काढला. ‘आई, एवढंच वाटतंय तर दुसरं काहीतरी करा. म्हणजे, रात्री कुणी काही मोडलं, तर मी काही ऐकलेलं नाही, पण...’

‘ते मोजेवालीच्या नवऱ्याने सुचवून झालंय,’ सासूबाई म्हणाल्या. मोजेवाली म्हणजे त्यांच्याच दुकानात मोज्यांच्या काउंटरला उभी असणारी. ‘म्हणाला, सगळे बाक उखडून टाकू. म्हटलं, शाबास रे! मग बसू कशावर? आणि पाट्या फोडल्या तर नव्या लावतील. शिवाय त्या रंगवणाऱ्याचं काय चुकलं? तोही बिचारा उभ्यानेच रंगवतो.’

‘मी उद्या रजा टाकतो.’

‘मुळीच टाकायची नाही. परक्या माणसाने माझा दंड धरून नेलेलं मला नाही आवडणार. घरचा माणूस असताना?’

दुसऱ्या दिवशी दुपारच्या सुटीत सासूबाई दुकानातून निघाल्या, कारंज्यापाशी गेल्या आणि बसल्या. बाकावर आधीच एक गिऱ्हाईक पिशव्या मांडून कायदेशीर बसलं होतं. त्याने पाटी वाचलेली नव्हती. ‘या ना, भरपूर जागा आहे,’ म्हणून ते सरकलं. अशा रीतीने पहिला साथीदारही मिळाला, त्याच्या नकळत. दुकानांच्या दारांत बायका जमल्या. मोजेवाली दोन्ही हातांत एकेक मोजा धरून बाहेर आली होती.

हवालदार गल्लीच्या कोपऱ्यावर उभा राहून वाक्य घोकत होता. ‘आपण नियमाचा भंग करीत आहात, कृपया उठा.’ पाठ झाल्याची खात्री पटल्यावर टोपी सारखी करून तो निघाला.

त्याला येताना पाहिलं आणि सासूबाई चटकन उठून उभ्या राहिल्या. त्यात बंड नव्हतं की भीती नव्हती. मुलीचं लग्न झाल्यापासून जावई दारात दिसला की त्या उठत, एवढंच. आणि लग्न झाल्यापासून त्या उठल्या की जावई जे म्हणे, तेच हवालदार भर पेठेत, गणवेशात, खणखणीत आवाजात म्हणाला:

‘अहो आई, बसा, बसा! उठताय कशाला?’

सासूबाई बसल्या.

पेठेत हशा पिकला. बाकावरचं गिऱ्हाईकही हसलं, का ते न कळता. मोजेवाली दारातून ओरडली, ‘साहेब, आम्हालाही सांगा की!’

हवालदाराचे कान लाल झाले. ‘उठा आता.’

‘आत्ताच तर बसा म्हणालात.’

‘ते जावई म्हणून. आता हवालदार म्हणून सांगतोय.’

‘मग तसं आधी बोलायचं. मी उठले होते ती जावयासाठी. हवालदारासाठी मी उठणार नाही.’

त्याने खाली वाकून त्यांचा दंड धरला. त्याबरोबर त्या निमूट उभ्या राहिल्या. ‘जोर नका लावू,’ हळूच म्हणाल्या, ‘मी येतेच आहे. ओढाताण झाली असं कुणाला वाटायला नको. आणि जरा हळू चाला, गुडघा आहे.’ मग आरोपी आणि पोलीस, एखाद्या समारंभाला निघाल्यासारखे, हातात हात घालून चौकीकडे निघाले.

चौकीतल्या फौजदारसाहेबांचं आयुष्यात एकच ध्येय होतं, कागद वाढू नयेत. माणूस मनाने वाईट नव्हता. वयस्कर बाई आत येताना पाहून ते सवयीने म्हणाले, ‘या बाई, बसा.’

हवालदार खोकला. ‘साहेब, चौकी पेठेच्या हद्दीत बसते. आणि हा बाक सार्वजनिक आहे.’

‘म्हणजे यांना मी बसवलं तर...’

‘गुन्ह्याला साथ होते, साहेब.’

साहेबांनी बाकाकडे पाहिलं, बाईंकडे पाहिलं आणि मग स्वतःच उठले, कारण एवढी वडीलधारी बाई उभी असताना खुर्चीत बसून राहणं त्यांच्याने होईना. तिघंही उभे राहिले. प्रकरण काय ते साहेबांनी ऐकून घेतलं आणि त्यांच्या चेहऱ्यावर हळूहळू प्रकाश पडला.

‘बाई, मला सांगा, तुम्ही बसला होतात की टेकला होतात?’

‘म्हणजे?’

‘आपण म्हणतो ना, आले तशी जरा टेकते. टेकणं वेगळं, बसणं वेगळं. टेकणं कायद्यात बसत नाही.’ साहेब स्वतःवरच खूश झाले. ‘पाठ टेकली होती का बाकाला?’

‘टेकली होती.’

‘मग टेकलातच की!’

‘पाठ टेकली होती, पण बसून. साहेब, मी बसले होते. चांगली ऐसपैस बसले होते. मांडी घालायचाही विचार होता, पण गुडघा ऐकेना.’

साहेबांनी हवालदाराला बाजूला घेतलं. ‘उद्या मॅजिस्ट्रेटबाईंपुढे साक्षीला तूच आहेस. टेकल्या होत्या म्हणायचं. आरोपी घरी, तुझा संसार जागेवर, माझे कागद बंद. शिक्षा झाली तर दुकानातून काढतील त्यांना, कळतंय ना? सासू आहे बाबा तुझी.’

हवालदाराला ते पटलं. पटल्याच्या आनंदात तो सासूबाईंना घेऊन घरी आला, कारण सुनावणीपर्यंत त्यांना घरच्यांच्या हवाली करायचं होतं आणि घरचा माणूस तोच होता. पावती त्यानेच फाडली, त्यावर सही त्यानेच केली.

‘आईला तुरुंगात धाडलंत, तर या घरात पाऊल ठेवायचं नाही,’ बायकोने दारातच सांगितलं.

‘काळजी करू नकोस. टेकल्या होत्या असं सांगणार आहे.’

‘म्हणजे माझी आई खोटारडी? असं केलंत तर अजिबातच ठेवायचं नाही!’

‘मग मी राहू कुठे?’

‘ते मला काय विचारता? बेघर लोकांचं काय करायचं ते पोलिसांना ठाऊक असतं.’

आतल्या खोलीत सासूबाई गरम पाण्याच्या बादलीत पाय सोडून बसल्या होत्या आणि सगळं ऐकत होत्या. ‘जावईबापू,’ त्यांनी हाक मारली, ‘इकडे या जरा. टॉवेल आणा येताना.’

तो टॉवेल घेऊन गेला.

‘टेकल्या म्हणालात तर मी सुटेन हो,’ त्या म्हणाल्या. आवाजात कुठे चेष्टा नव्हती. ‘पण उद्या मोजेवाली बसली तर तिचं काय? तिला कुठे पोलीस जावई आहे? तिला तर पोरगीही नाही. आणि समजा, तिलाही कोणी सांगितलं की टेक म्हणून. मग काय, पेठेतल्या सगळ्या बायकांनी जन्मभर अर्धं बूड बाकाबाहेर ठेवून बसायचं? अर्धं बूड टेकवायला मिळावं म्हणून मी नाही हो एवढा खटाटोप केला.’

‘नोकरी जाईल, आई.’

‘जाईल.’ त्यांनी बादलीतला एक पाय वर काढून बघितला, जणू काही तोही मत देणार होता. ‘भीती वाटते मला. वाटत नाही असं नाही. पण खोटं बोलून राहिलेल्या नोकरीत पुन्हा उभंच राहायचं ना?’

हवालदाराने टॉवेल पुढे केला.

मॅजिस्ट्रेटबाईंनी दुसऱ्या दिवशी प्रकरण पुढ्यात घेतलं तेव्हा खोली गच्च भरली होती. ज्यांना सुटी मिळाली नव्हती त्या विक्रेत्या मीटिंगला जाते सांगून आल्या होत्या. फौजदारसाहेबांनी बाईंच्या कानावर टेकण्याचा मुद्दा आधीच घातला होता आणि तो बाईंना आवडला होता. त्यांनाही सासू होती.

‘आरोपी, तुम्ही बाकावर टेकला होतात असं पोलीस म्हणतात.’

‘पोलीस अजून काही म्हणाले नाहीत, बाई. मी मात्र म्हणते, की मी बसले होते.’

मॅजिस्ट्रेटबाईंनी चष्मा काढला. ‘अहो, समितीकडे अर्ज करायचा. तक्रार करायची. रीत असते काही.’

‘केला ना अर्ज. उत्तर आलं, बैठकीनंतर कळवू. बैठक संपली की ते उठतात, आणि उठले की विसरतात. समितीवर दुकानवाल्यांनीच उभं राहायचं, दुकानवाल्यांनीच मत द्यायचं. आमचं उभं राहणं नुसतं दुकानात.’

‘ते असेल. पण न पटलेला कायदा जो तो मोडायला लागला तर कसं चालेल? उद्या चोरही म्हणेल, मला पटत नाही.’

‘बरोबर आहे तुमचं,’ सासूबाई म्हणाल्या. त्यांना खरंच बरोबर वाटलं असावं, कारण त्या थोडं थांबल्या. ‘पण चोराला वाटतं, कुणी बघू नये. मला वाटत होतं, सगळ्यांनी बघावं. चोर पळतो, मी आधी घरी सांगून आले. कुणाला ढकललं नाही, काही तोडलं नाही. आता तुमच्यासमोर आहे. शिक्षा द्या, मी घेते, कुरकुर नाही करणार. म्हणजे कायदा म्हणून असतो त्याचा मान राहिला की नाही? फक्त एवढंच करा, ती देताना कशासाठी देताय ते मोठ्याने वाचा.’

मॅजिस्ट्रेटबाईंनी चष्मा पुन्हा घातला आणि हवालदाराला पुढे बोलावलं.

हवालदार साक्षीदाराच्या जागी येऊन उभा राहिला. सकाळपासून तो उभाच होता. डावीकडे साहेब होते. ते ओठांनी ‘टे-क-ल्या’ असा आकार करून दाखवत होते. उजवीकडे बायको होती. ती काहीच दाखवत नव्हती, आणि ते जास्त वाईट होतं. सासूबाई छताकडे बघत होत्या. त्याच्यावर दबाव येऊ नये म्हणून त्या तिकडे बघत होत्या हे त्याला कळलं, आणि त्याचाच सगळ्यात जास्त दबाव आला.

‘बसल्या होत्या की टेकल्या होत्या?’

‘बसल्या होत्या, मॅडम.’

‘नीट आठवून सांगा.’

‘नीट बसल्या होत्या.’

‘तुम्ही त्यांना उठा म्हणालात?’

‘आधी बसा म्हणालो.’

‘का?’

‘सासूबाई आहेत.’

फौजदारसाहेबांनी डोळे मिटून घेतले. त्यांच्या मिटल्या डोळ्यांपुढे कागद वाढत गेले.

मॅजिस्ट्रेटबाईंनी निकाल लिहिला आणि आरोपीच्या विनंतीनुसार मोठ्याने वाचायला घेतला. ‘सदर आरोपी ही दुकानातील विक्रेती असून, कामाच्या मधल्या सुटीत ती बाकावर... ती बाकावर बसली, म्हणून तिला...’ इथे त्यांचा आवाज बसला. त्यांनी पाणी घेतलं, पुन्हा सुरुवातीपासून वाचलं, आणि पुन्हा त्याच शब्दाशी अडखळल्या. जे लिहिताना सरळ वाटलं होतं ते कानाला भलतंच लागत होतं. तिसऱ्या वेळी कसंबसं पार पडलं. दंड, आणि तो भरायला आरोपी तयार नसल्याने एक आठवडा कैद.

बाहेर नेताना सासूबाई हवालदाराला म्हणाल्या, ‘जावईबापू, पोरीला तुमच्याशी लग्न करू दिलं याचं मला आज पहिल्यांदाच बरं वाटतंय.’ त्याला हे कौतुक कुठे ठेवावं ते कळेना. त्या संध्याकाळी बायकोने दार उघडलं, ताट वाढलं, आणि मागचं पुढचं काही न बोलता त्याच्यापुढे गरम पाण्याची बादली आणून ठेवली.

दुसऱ्या दिवशी मोजेवाली बसली. पण त्याआधी चौकीत येऊन रीतसर सांगून गेली. तिच्यानंतर चष्म्याच्या दुकानातली, मग अत्तरवाली, मग पाववाली. ‘उद्या माझा नंबर हं, साहेब, आज सामान यायचंय,’ असं सांगून त्या जात आणि दिलेल्या वेळेला हजर होत. एकीनेही आवाज चढवला नाही, एकीनेही हात झटकला नाही. दंड सगळ्यांना बसला आणि कुणीही भरला नाही. फौजदारसाहेब कागदांच्या ढिगाआडून फक्त टोपीने ओळखू येऊ लागले.

दुकानांत मालक एकटे पडले. बुटांच्या दुकानाचा मालक स्वतः गिऱ्हाइकांच्या पायाशी उकिडवा बसू लागला आणि दुपारपर्यंत त्याला सेवा म्हणजे काय ते मांड्यांमध्ये समजलं. तो लंगडत कारंज्यापाशी आला. बाकावर बसणार, एवढ्यात त्याने पाटी वाचली. ती त्यानेच मंजूर केली होती, पण एवढ्या जवळून कधी पाहिली नव्हती. ‘फक्त ग्राहकांसाठी.’ त्याने हवालदाराकडे पाहिलं. हवालदार म्हणाला, ‘साहेब, तुम्ही काही खरेदी केलीये का?’ मालक परत गेला, स्वतःच्या दुकानातून स्वतःलाच नाड्यांची एक जोडी विकली, पावती घेऊन आला आणि बसला. बसल्यावर बराच वेळ नाड्यांकडे बघत राहिला.

तो उठून गेल्यावर बाक रिकामा झाला. बसायला कुणी उरलंच नव्हतं, सगळ्या आत होत्या. रिकाम्या बाकाशेजारी हवालदार एकटा पहारा देत उभा राहिला.

उभ्याउभ्या त्याने विचार केला. त्याला तशी सवय नव्हती, त्यामुळे वेळ लागला. पाटी काही कुणाला धरून नेत नाही. समितीही नेत नाही. मॅजिस्ट्रेटबाईसुद्धा निकाल लिहून घरी जातात. बाकापासून चौकीपर्यंत या बायकांना रोज नेतो कोण? तो. म्हणजे हा कायदा जो काही उभा आहे, तो त्याच्याच दोन पायांवर उभा आहे, आणि पाय तर केव्हापासून दुखताहेत. पेठेच्या बंदोबस्ताचा पगार समितीच देते, आणि समिती म्हणजे दुकानवालेच, तेव्हा नोकरवर्गात आपणही आलोच, हेही त्याच्या लक्षात आलं.

तो बसला. टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. बाक चांगला होता.

कुणीच धरायला आलं नाही. शेवटी त्यानेच चौकीच्या खिडकीकडे हाक मारली, ‘साहेब! मी बसलोय! मला धरा!’

कागदांच्या ढिगाआडून टोपी जराशी वर आली. ‘कोण धरणार? धरायच्या पाळीवर तूच आहेस. माझ्याकडे माणूस नाही. लेखी दे काय ते.’

तेव्हा हवालदाराने खिशातून कागद काढला, गुडघ्यावरच्या टोपीवर तो टेकवून लिहिलं आणि दोन घड्या घालून खिडकीतून आत सरकवायला तिथून चाललेल्या पाववालीच्या नवऱ्याकडे दिला:

प्रति,
मा. फौजदारसाहेब,
पेठ चौकी.

विषय: स्वतःस अटक करण्याची परवानगी मिळणेबाबत.

महोदय,

उपरोक्त विषयास अनुसरून सादर करण्यात येते की, अर्जदार हा आज दुपारी कर्तव्यावर असताना, पूर्ण शुद्धीत व राजीखुशीने सार्वजनिक बाकावर बसला असून हा अर्ज लिहीपर्यंत उठलेला नाही. अटकेच्या पाळीवर अर्जदार एकटाच असल्याने, व अर्जदारास धरण्यासाठी अर्जदारास प्रथम उठावे लागत असून उठताच गुन्हा संपुष्टात येत असल्याने, तांत्रिक अडचण निर्माण झाली आहे. तरी अर्जदारास बसल्या जागी स्वतःस ताब्यात घेण्याची परवानगी द्यावी, स्वतःवर ठेवलेल्या पहाऱ्याचा काळ हजेरीत धरावा, तसेच सदर बाक हा गुन्ह्यातील मुद्देमाल असल्याने तो अर्जदारासह, अर्जदार त्यावर बसलेल्या स्थितीत, समिती सदस्यांकरवी उचलून चौकीत जमा करून घ्यावा, ही नम्र विनंती.